पापणीला कोंडा? आधी नखं बघा
पापणीची कातडी अंगावरची सगळ्यांत पातळ, जेमतेम अर्धा मिलिमीटर. म्हणून नेलपॉलिश किंवा केसांचा डाय कित्येकदा बोटाला, डोक्याला काहीच करत नाही, पण पापणीला लागला की ती मात्र लाल होऊन सोलू शकते. निपाणीकडं तंबाखूच्या वखारीत राबणाऱ्यांनी तर धुळीचा हात डोळ्याला लावूच नये. पापणीच्या केसांच्या मुळाशी खपल्या असतील तर सोसेल इतक्या गरम पाण्यात पिळलेलं स्वच्छ फडकं मिटल्या डोळ्यांवर ५ ते १० मिनिटं ठेवा, मग ओल्या कापसानं हलकं पुसा. दिवसातून दोनदा, काही आठवडे. काजळ तोवर बंद. शेजारणीनं सांगितलेलं स्टिरॉइडचं मलम? नको गं बाई! बरेच दिवस लावलं तर डोळ्यातला दाब वाढू शकतो. डोळा दुखला, अंधुक दिसलं तर सरळ डोळ्यांच्या डॉक्टरांकडं जा.