खारीचं पिल्लू खाली पडलंय? आधी दुधाची वाटी बाजूला ठेवा

माळ्यानं फांदी छाटली किंवा एसीवाल्यानं मागचा काथ्या-कापसाचा गोळा उपसला, की डोळे मिटलेलं गुलाबी पिल्लू जमिनीवर येतं. (केस, पट्टे आलेलं, पळणारं पिल्लू अनाथ नसतं. त्याला पकडू नका.)

रुमालात उचला. रक्त किंवा मांजराच्या दाताची खूण दिसली तर थेट प्राण्यांच्या डॉक्टरकडे. टाचणीएवढी जखमही चिघळते.

नाहीतर ऊब. कोमट पाण्याची बाटली फडक्यात गुंडाळून खोक्याच्या एका बाजूला.

आता खरं जिकिरीचं काम: पिल्लू आईकडे पोचवणं. 'माणसाचा वास लागला, आता आई घेणार नाही' हे मला दरवेळी कुणीतरी छातीठोकपणे सांगतं. साफ चूक. घरटं धोक्यात आलं की खार पिल्लं तोंडात धरून दुसरीकडे हलवतेच, तुमच्या हाताच्या वासानं ती अडत नाही. ती अडते तुम्ही तिथे उभे असता म्हणून, आणि पिल्लू गार पडलेलं असतं म्हणून. त्यामुळे पिल्लाचं अंग उबदार झाल्यावरच खोका बाहेर न्या. पडल्या जागेजवळच, बुंध्याला किंवा ग्रिलला, सावलीत, मांजर पोचणार नाही असा बांधा. झाकण नको. बाटली गार झाली की झटपट बदला आणि घरात जा. मोबाईल धरून दारात थांबणं म्हणजे बघणं नव्हे, आईला हाकलणं आहे. कावळ्यांवर नजर ठेवायची तर खिडकीआडून. खार दिवसा वावरते, रात्री येत नाही. संध्याकाळी सापडलेलं पिल्लू रात्री घरात उबेत ठेवा, उजाडताच खोका पुन्हा बाहेर.

या सगळ्यात भरवायचं काय? काही नाही. गाईच्या दुधानं हगवण लागते. गारठलेल्या पिल्लाला काहीच पचत नाही. आणि उताणं धरून ड्रॉपरनं पाजलं, की दूध फुफ्फुसात जातं, नाकातून बुडबुडे येतात. मग डॉक्टरही फारसं काही करू शकत नाहीत. 'दोन थेंबांनी काय होतंय' म्हणणाऱ्या शेजाऱ्यांना चहा द्या, ड्रॉपर नको.

दिवसभर संधी देऊनही आई आली नाही, तर वनविभागाच्या 1926 या हेल्पलाइनला फोन करा. घरी वाढवू नका: खार हा वन्यजीव आहे. शिवाय बिस्किटावर पोसलेल्या खारीला पुढे फळं, बिया, फुलांतला रस आणि किडे स्वतः शोधणं जड जातं.