‘कव्हर’ या इंग्रजी क्रियापदाचा अर्थ कसा लावावा

इंग्रजी वाक्यात ‘कव्हर’ हे क्रियापद दिसले की लगेच ‘झाकणे’ लिहून मोकळे होऊ नये. कोण कशाला झाकते आहे आणि कशासाठी, हे आधी पाहावे. पातेल्यावर ताटली असेल तर झाकणे, अंगावर चादर असेल तर पांघरणे, लाकडावर पत्रा ठोकला असेल तर मढवणे, आणि बर्फाखाली गेलेला डोंगर असेल तर आच्छादणे. इंग्रजीचे जिथे एका शब्दावर भागते, तिथे मराठीत चार क्रियापदे हाताशी आहेत आणि ती एकमेकांच्या जागी चालत नाहीत.

झाकण्यासारखी वस्तूच वाक्यात नसेल, तर खरी कसोटी लागते. बातमीदार सभेचे वार्तांकन करतो, धावपटू अंतर कापतो, पगारात घरभाडे भागते, विम्यातून नुकसानीची भरपाई मिळते आणि रजेवर गेलेल्याचे काम दुसरा सांभाळतो. या प्रत्येक ठिकाणी इंग्रजीत ‘कव्हर’च असते. चूक लपवण्याच्या अर्थी मात्र फार शोधाशोध करावी लागत नाही, कारण चुकीवर आपणही पांघरूणच घालतो.

व्युत्पत्ती माहीत असली की हा पसारा आटोक्यात येतो. लॅटिन ‘कोऑपेरिरे’ म्हणजे पूर्णपणे झाकणे. त्यातून जुन्या फ्रेंचमधले ‘कोव्हरिर’ आले आणि तिथून हा शब्द इंग्रजीत उतरला. ‘डिस्कव्हर’ म्हणजे मुळात झाकण काढणे. ‘कर्फ्यू’चा उगम ‘विस्तव झाका’ अशा अर्थाच्या फ्रेंच शब्दांत आहे, कारण मध्ययुगीन युरोपात रात्री ठरावीक वेळी घंटा वाजली की घरातला विस्तव झाकावा लागे. हातरुमालाच्या ‘हँकरचीफ’मधला ‘करचीफ’ हाही मूळचा डोके झाकण्याचा कपडा. ‘रिकव्हर’ला मात्र या घराण्यात बसवू नये, दिसायला तो सख्खा भाऊ वाटतो, पण तो ‘परत मिळवणे’ या अर्थाच्या ‘रेकुपेरारे’ या वेगळ्याच लॅटिन शब्दापासून आला आहे.

‘कोऑपेरिरे’ या लॅटिन शब्दातल्या ‘ऑपेरिरे’चे नाते भाषाशास्त्रज्ञ संस्कृतातल्या ‘वृ’ या झाकणे अर्थाच्या धातूशी जोडतात, आणि आपले ‘आवरण’ त्याच धातूचे. म्हणून वाक्य अडलेच, तर ‘कव्हर’च्या जागी क्षणभर ‘आवरण घालणे’ ठेवून पाहावे: ते जसेच्या तसे बसले तर अर्थ वाच्य आहे, आणि कानाला खटकले तर वर सांगितलेल्या लाक्षणिक अर्थांपैकी एखादा शोधावा.