ब्रिटिश आरमाराविषयी लिहिता-बोलताना या चुका टाळा

अलिबागजवळच्या थळच्या किनाऱ्यावरून खांदेरी बेटाकडे होडी निघाली की होडीतलं कुणीतरी हमखास सांगतं, "इथंच महाराजांच्या आरमारानं ब्रिटिश नौदलाला पाणी पाजलं." पाणी पाजलं हे खरं, पण ज्याला पाजलं ते ब्रिटिश नौदल नव्हतं. व्हिडिओ, व्याख्यानं, स्पर्धा परीक्षांच्या वह्या, सगळीकडे ही चूक भेटते. आणि ती एकटी येत नाही, आपल्याबरोबर आणखी चार आणते.

जहाज कुणाचं, हे आधी विचारा

खांदेरीची लढाई १६७९ ची. इंग्लंड आणि स्कॉटलंड १७०७ साली एक झाले, त्यामुळे त्याआधी 'ब्रिटिश' नौदल असण्याचा प्रश्नच नाही. होतं ते इंग्लंडच्या राजाचं नौदल, आणि खांदेरीसमोर तेही नव्हतं. शिवाजी महाराजांचा आरमारी सरदार दौलतखान याच्याशी लढत होती ती मुंबईच्या ईस्ट इंडिया कंपनीची जहाजं: 'रिव्हेंज' नावाची फ्रिगेट, म्हणजे चपळ लढाऊ जहाज, आणि तिच्या जोडीला शिबाडं, मचवे असा लवाजमा. 'डोव्हर' ही गुराब तर मराठ्यांच्या हाती लागली. विजय मोठाच, पण तो एका व्यापारी कंपनीवरचा.

यावर साधा उपाय आहे. जहाजावरच्या माणसांना पगार कोण देतं ते बघा. राजाच्या खजिन्यातून येत असेल तर रॉयल नेव्ही, कंपनीच्या तिजोरीतून येत असेल तर कंपनीचं आरमार, म्हणजे बॉम्बे मरीन. आंग्र्यांच्या इतिहासात हा फरक स्पष्ट दिसतो. १७५५ मध्ये सुवर्णदुर्ग घेतला तो कंपनीच्या कमोडोर जेम्सनं. पुढच्याच वर्षी फेब्रुवारीत विजयदुर्गावर चालून आला ॲडमिरल वॉटसन, आणि तो रॉयल नेव्हीचा. एक गोळा पडून तुळाजी आंग्र्यांच्या एका जहाजानं पेट घेतला आणि बंदरात दाटीनं उभं असलेलं अख्खं आरमार जळालं. दोन्ही मोहिमांत पेशवे इंग्रजांच्या बाजूला होते, हे मात्र आपल्याकडे हळू आवाजात सांगितलं जातं.

गंमत अशी की रॉयल नेव्हीला मराठ्यांनी दाद दिली नाही, असा प्रसंग खरंच घडला आहे. १७२१ मध्ये कमोडोर मॅथ्यूजची राजाची जहाजं, कंपनी आणि पोर्तुगीज असे तिघे मिळून अलिबागच्या कुलाबा किल्ल्यावर आले आणि हात हलवत परतले. कान्होजी आंग्रे तेव्हा हयात होते. अभिमानानं सांगायचंच तर हे सांगा. त्यासाठी खांदेरीला ओढून आणायला नको.

हीच खबरदारी १९४६ च्या नौसैनिकांच्या उठावाबद्दल घ्या. मुंबईतल्या 'तलवार' या नौदल तळावर सुरू झालेला तो उठाव रॉयल इंडियन नेव्हीतला, रॉयल नेव्हीतला नव्हे. कंपनीचं जुनं आरमार १८३० मध्ये इंडियन नेव्ही झालं, १८९२ मध्ये रॉयल इंडियन मरीन आणि १९३४ मध्ये रॉयल इंडियन नेव्ही. नाव बदलत गेलं, वंश तोच.

तारखांचा घोळही इथलाच. इंग्रजांनी १७५२ पर्यंत जुनं पंचांग वापरलं. सतराव्या शतकातल्या त्यांच्या तारखा त्यामुळे दहा दिवस मागे असतात. दोन पुस्तकांत दहा दिवसांचा फरक दिसला तर लगेच कुणाला खोटं पाडू नका.

आर्माडा बुडाला आणि समुद्र इंग्लंडचा झाला?

नाही झाला. १५८८ मध्ये स्पॅनिश आर्माडा, म्हणजे इंग्लंडवर चालून आलेलं स्पेनचं आरमार, परतला, त्याच्या पुढच्याच वर्षी इंग्लंडनं स्पेनवर उलट मोहीम काढली आणि ती फसली. १६६७ मध्ये डच थेट मेडवे नदीत शिरले, नांगरलेली जहाजं जाळली आणि 'रॉयल चार्ल्स' हे इंग्लंडच्या आरमाराचं निशाणाचं जहाज ओढत घेऊन गेले. त्याच्या मागच्या बाजूचं राजचिन्ह आजही ॲमस्टरडॅमच्या संग्रहालयात टांगलेलं आहे. १६९० मध्ये फ्रेंचांनी बीची हेडजवळ इंग्रज-डच आरमाराचा पराभव केला. चार वर्षांनी बँक ऑफ इंग्लंड निघाली ती फ्रान्सशी चाललेल्या युद्धासाठी कर्ज उभारायला. माझ्या मते ब्रिटिश आरमाराची खरी कुळकथा इथून सुरू होते: कर्ज काढायची ऐपत, गोद्या, दारूगोळा, रसद. लढाया नंतर.

लाकडाचंही तसंच. सगळी जहाजं इंग्लिश ओकची, असं लिहून मोकळे होऊ नका. ओक कमी पडू लागला तेव्हा मुंबईच्या गोदीत वाडिया या जहाजबांधणी करणाऱ्या घराण्यानं मलबारी सागाची जहाजं बांधली. 'ट्रिंकोमाली' त्यातलंच. त्याचे नकाशे घेऊन निघालेली 'जावा' ही फ्रिगेट १८१२ मध्ये अमेरिकनांच्या तावडीत सापडली आणि नकाशे गेले. दुसरी प्रत मागवावी लागली. अखेर १८१७ मध्ये जहाज पाण्यात उतरलं. आज ते इंग्लंडमधल्या हार्टलपूलला उभं आहे, अजून पाण्यावर आहे.

ट्रफाल्गर आणि जटलंड

ट्रफाल्गरच्या समुद्री लढाईनं इंग्लंडवरचं नेपोलियनचं आक्रमण टाळलं, हे वाक्य तर पाठच झालेलं असतं. पण २१ ऑक्टोबर १८०५ ला त्या लढाईत ब्रिटिश ॲडमिरल नेल्सन पडला तेव्हा नेपोलियनची फौज इंग्लिश खाडीच्या काठी नव्हतीच. ती ऑगस्टअखेर पूर्वेकडे वळली होती, आणि आदल्याच दिवशी उल्मला ऑस्ट्रियाच्या सैन्यानं तिच्यापुढे शस्त्रं ठेवली होती. नेल्सनच्या २७ जहाजांनी फ्रेंच-स्पॅनिश ३३ ना धूळ चारली आणि स्वतःचं एकही गमावलं नाही, हे खरंच. युद्ध मात्र आणखी दहा वर्षं चाललं. या काळात आरमाराचं मुख्य काम होतं नाकेबंदी: वारा-पावसात महिनोन्महिने फ्रेंच बंदरांबाहेर घिरट्या घालणं. ते कंटाळवाणं, म्हणून कुणी सांगत नाही.

पहिल्या महायुद्धातल्या जटलंडच्या समुद्री लढाईचा निकाल बुडालेली जहाजं मोजून लावू नका. १९१६ च्या त्या लढाईत ब्रिटनची १४ आणि जर्मनीची ११ जहाजं गेली. ब्रिटनची ६,००० हून अधिक माणसं मेली, जर्मनीची अडीच हजारांवर. हिशेबात जर्मनी जिंकला, पण जर्मनीभोवतीची ब्रिटिश नाकेबंदी हलली नाही. त्यानंतर जर्मन आरमार बंदराबाहेर पडलंच नाही, हेही चूकच. ते ऑगस्ट १९१६ मध्ये आणि एप्रिल १९१८ मध्ये पुन्हा बाहेर पडलं होतं.

जाता जाता: चर्चिल नौदलप्रमुख नव्हते. ते नौदलमंत्री होते, म्हणजे फर्स्ट लॉर्ड. वर्दीतला प्रमुख तो फर्स्ट सी लॉर्ड.

ऱ्हासाला एकच तारीख देऊ नका

१९४५ (महायुद्धाचा शेवट), १९४७ (भारताचं स्वातंत्र्य), १९५६ (सुएझचं संकट): ज्याला जी सोयीची वाटते तो ती धरतो. जपानशी करार करून पूर्वेकडचा भार हलका केला १९०२ मध्ये. अमेरिकेशी बरोबरी लेखी मान्य केली १९२२ मध्ये, वॉशिंग्टनला. १० डिसेंबर १९४१ रोजी 'प्रिन्स ऑफ वेल्स' आणि 'रिपल्स' या दोन बलाढ्य युद्धनौका मलायाजवळ जपानी विमानांनी बुडवल्या. सुएझच्या पूर्वेकडचे लष्करी तळ सोडून निघायची घोषणा झाली जानेवारी १९६८ मध्ये. आणि एवढं होऊनही १९८२ मध्ये आठ हजार मैलांवरच्या फॉकलंडसाठी ताफा निघालाच. त्याची अग्रनौका 'हर्मिस' पाच वर्षांनी आपली 'विराट' झाली.

आजची ताकदही धक्क्यावरच्या जहाजांवरून जोखू नका. ६५,००० टनांच्या दोन विमानवाहू नौका फोटोत छान दिसतात, पण १९६९ पासून अण्वस्त्रं घेऊन एक तरी ब्रिटिश पाणबुडी सतत गस्तीवर असते. ती नेमकी कुठं आहे, हे तिच्यातल्या बहुतेक खलाशांनाही ठाऊक नसतं.