आर्थिक प्रणालींची तुलना शिकताय? साखरेपासून सुरुवात करा

मुक्त बाजार, मिश्र अर्थव्यवस्था, केंद्रीय नियोजन असे तीन रकाने आखायचे आणि गुणदोष पाठ करायचे, ही या विषयाची नेहमीची सुरुवात. त्यावर चार-पाच गुण मिळतातही. पण खरा देश समोर आला की रकाने कोलमडतात, कारण कुठलाच देश एका रकान्यात मावत नाही. त्यापेक्षा एकच वस्तू धरा आणि तिचा माग तीन-चार देशांत काढा. मराठी विद्यार्थ्याला साखरेइतकी सोयीची वस्तू दुसरी नाही.

प्रत्येक देशाला वहीचं एक पान द्या आणि पाच प्रश्न लिहा. किती माल काढायचा हे कोण ठरवतं? भाव कोण ठरवतं? कच्चा माल कोणाच्या हुकमाने मिळतो? तोटा झाला तर कोण भरतं? माल कमी किंवा जास्त झाला तर ते कशात दिसतं: भावात, रांगेत की थकबाकीत? चौथा प्रश्न बहुतेक जण गाळतात, आणि प्रणालीचा स्वभाव नेमका तिथेच कळतो. सरकार शेवटी वाचवणारच, हे ठाऊक असलेला कारखाना खर्चाकडे काटेकोरपणे बघत नाही. हंगेरीचे अर्थतज्ज्ञ यानोश कोर्नाई यांनी या अवस्थेला ‘सॉफ्ट बजेट कन्स्ट्रेंट’ (खर्चावरची सैल मर्यादा) म्हटलं. ही संज्ञा पाठ नव्हे, समजून ठेवा. पुढे दर पानावर लागते.

पहिलं पान क्युबाचं. 1970 च्या हंगामात 1 कोटी टन साखर काढायची, असं लक्ष्य वरून ठरलं. प्रत्यक्षात सुमारे 85 लाख टन निघाली. तोवरचा तो विक्रम होता, तरी फिडेल कास्ट्रो यांना अपयश जाहीरपणे मान्य करावं लागलं. का? माणसं, ट्रक, रेल्वे सगळं उसाकडे वळवलं गेलं आणि बाकीच्या क्षेत्रांचं उत्पादन ढासळलं. त्या 85 लाख टनांपायी दुसरीकडे काय बुडतंय, हे वेळेत सांगणारा भावच व्यवस्थेत नव्हता.

नियोजन आतून कसं चालतं हे बघायला मात्र सोव्हिएत संघाकडे जावं लागतं. 1921 मध्ये स्थापन झालेली गोसप्लान ही संस्था प्रत्येक महत्त्वाच्या मालाचा ताळेबंद मांडायची: एका बाजूला उत्पादन, आयात, साठा, दुसऱ्या बाजूला कोणाला किती द्यायचं. हे वाचून कळत नाही, कागदावर करून बघा. सरावासाठी धरा की 1 टन पोलादाला 0.8 टन कोळसा लागतो आणि 1 टन कोळसा काढायला 0.1 टन पोलाद. पोलादाची गरज 20 टनांनी वाढली. म्हणजे कोळसा 16 टन जास्त. त्यासाठी पोलाद आणखी 1.6 टन, त्यासाठी कोळसा 1.28 टन, असं पुढे. सगळी बेरीज केली तर पोलाद सुमारे 21.74 टनांनी वाढवावं लागतं. दोन मालांत हे जमतं. हजारो मालांत, हाताने, दरवर्षी नाही. म्हणून नियोजक एक-दोन फेऱ्यांवर थांबत आणि उरलेली तूट कमी महत्त्वाच्या वापरावर, बहुतेकदा ग्राहकाच्या मालावर, ढकलत. दुकानापुढच्या रांगेचं एक मूळ या बेरजेत आहे. दुसरं मूळ सरकारने ठरवलेल्या स्वस्त भावांत.

लक्ष्य कोणत्या मापात दिलंय तेही पाहा. टनांत दिलं की पत्रा जाड निघतो, कारण जाड पत्र्याने वजन लवकर भरतं. शिवाय यंदा जास्त काढलं तर पुढच्या वर्षी लक्ष्य वाढतं, म्हणून व्यवस्थापक क्षमता लपवतो. कारखाने मग ‘तोल्काच’ ठेवत: अडलेला माल ओळखीने, देवघेवीने सोडवून आणणारे लोक. कागदावर नियोजन, दारामागे सौदेबाजी.

आता महाराष्ट्र. इथे गणित घरचं आहे. 2025-26 हंगामासाठी केंद्राने ठरवलेली एफआरपी, म्हणजे कारखान्याने उसाला द्यायचा किमान भाव, 10.25 टक्के उताऱ्याला (उसातून निघणाऱ्या साखरेचं प्रमाण) क्विंटलमागे 355 रुपये, आणि पुढच्या प्रत्येक 0.1 टक्क्याला 3.46 रुपये. उतारा 11.25 टक्के धरा: 355 अधिक 34.60, म्हणजे क्विंटलला 389.60 आणि टनाला 3,896 रुपये (शेतकऱ्याच्या हातात यातून तोडणी-वाहतूक वजा होऊन येतात). त्या टनातून साखर निघते 112.5 किलो. साखरेचा किमान विक्री दर 2018 मध्ये किलोला 29 रुपये होता, 2019 मध्ये 31 केला. 31 ने गुणलं तर 3,487.50 रुपये. उसाचेच पैसे 400 रुपयांहून जास्त कमी पडतात, गाळपाचा खर्च वेगळाच. बाजारभाव 31 च्या वर असतो आणि इथेनॉल, वीज, मळीचे पैसे येतात, म्हणून कारखाना तगतो. भाव घसरला की 14 दिवसांत द्यायचं बिल लांबतं. इथे रांग दुकानापुढे दिसत नाही, ती शेतकऱ्याच्या थकबाकीत दिसते.

लेव्ही साखर (कारखान्याने सरकारला स्वस्त दरात द्यायचा वाटा) 2013 मध्ये गेली म्हणून ‘साखर मुक्त झाली’ असं लिहू नका. दोन कारखान्यांत 25 किलोमीटरचं अंतर, महिन्याचा विक्री कोटा, इथेनॉलवरचे निर्णय हे सगळं सरकारच्याच हातात आहे. डिसेंबर 2023 मध्ये उसाच्या रसापासून इथेनॉल करण्यावर अचानक निर्बंध आले, तेव्हा त्याच भरवशावर कर्ज काढून उभ्या राहिलेल्या प्रकल्पांची पंचाईत झाली.

ब्राझीलचं पान लवकर भरेल. साखर आणि अल्कोहोल सांभाळणारी सरकारी संस्था तिथे 1990 मध्ये बंद झाली. साओ पाउलोत ऊस उत्पादक आणि कारखानदार मिळून सूत्र वापरतात, त्यात उसाचा भाव साखर-इथेनॉलच्या भावाला बांधलेला असतो. भाव पडला तर झळ दोघांना. अमेरिकेचं पान मात्र टाळू नका. मुक्त बाजाराचा हा देश साखरेला आयात कोटा आणि आधारभाव लावतो.

चुका साधारण ठरलेल्या. एका प्रणालीचं पुस्तकी रूप आणि दुसरीचं प्रत्यक्ष रूप शेजारी ठेवणं, ही सर्वांत मोठी. ‘रशियात पैसाच नव्हता’ ही दुसरी. पगार रूबलमध्ये होता, खरेदीही रोखीने होती, फक्त पैसा असला म्हणून माल मिळेलच असं नव्हतं. तिसरी आकड्यांची: सोव्हिएत राष्ट्रीय उत्पन्नात आरोग्य, शिक्षण यांसारख्या बऱ्याच सेवा धरत नसत, त्यामुळे तो आकडा आपल्या जीडीपीशेजारी सरळ लावता येत नाही. आणि शक्यतो एकाच ठिकाणाहून निघालेल्या जोड्या निवडा. पूर्व-पश्चिम जर्मनी ही जोडी अमेरिका-रशियापेक्षा जास्त शिकवते.

साखरेची पानं भरली की कापूस घ्या. महाराष्ट्राची एकाधिकार कापूस खरेदी योजना 1972 मध्ये सुरू झाली: खरेदीदार एकच, भाव सरकारचा. पाचव्या प्रश्नाचं उत्तर इथे राज्याच्या सीमेवर शोधा. बाहेर भाव जास्त असला की कापूस रातोरात बाहेर जाई, कमी असला की बाहेरचा आत येई.