पुण्याच्या पेठांतला हेरिटेज वॉक : या चुका टाळा

रविवारी सकाळी सातला आम्ही शनिवारवाड्याच्या दिल्ली दरवाजासमोर जमतो. सात दहाला पहिला फोन येतो, "आलोच, गाडी लावायला जागा शोधतोय." सव्वासातला दुसरा, "मी केव्हाची लाल महालापाशी उभी आहे, तुम्ही कुठे?" साडेसातला निघेपर्यंत वेळेवर आलेल्या सहाजणांचे चेहरे उतरलेले असतात आणि माझ्या हिशेबातून तांबट आळीची दहा मिनिटं वजा झालेली असतात.

गेली काही वर्षं मी कसबा, शनिवार, बुधवार आणि सोमवार या पेठांतून छोटे गट पायी फिरवते. दहा-बारा माणसं, अडीच-तीन तास. चुका त्याच त्याच होतात. काही येणाऱ्यांच्या, काही आमच्याही.

गाडी, चपला आणि कपाळ

गाडी पेठेत आणू नका. २०२४ च्या सप्टेंबरअखेरीस मेट्रोची कसबा पेठ आणि मंडई ही भुयारी स्थानकं सुरू झाली, तेव्हापासून या चुकीला सबबच उरलेली नाही. रविवारी पहिली मेट्रो किती वाजता आहे, एवढं मात्र आदल्या रात्री बघून ठेवा. पावसाळ्यात नदीपात्रात गाडी लावून येण्याची हुशारी तर मुळीच नको. भिडे पुलाजवळचा पात्रातला रस्ता सकाळी कोरडा ठणठणीत असतो आणि खडकवासला धरणातून विसर्ग वाढवला की तिथे पाणी येतं. आमच्या गटातल्या एका काकांना मंडईत पोहोचताना तसा मेसेज आला. ते तसेच धावत गेले. गाडी वाचली, वॉक बुडाला.

लेसचे बूट घालून येणारा माणूस मी लांबूनच हेरते. देवळं चार-पाच लागतात, प्रत्येक ठिकाणी पायताण काढायचं. सगळे बाहेर पडतात तेव्हा हा पायरीवर बसून गाठी मारत असतो आणि पुढच्या गोष्टीची सुरुवात त्याच्या हातून निसटते, तीन तासांत चार-पाच वेळा. पट्ट्याच्या साध्या सँडल घाला, फक्त तळवा गुळगुळीत नको. ओल्या फरशीवर आपटलेली माणसं मी पाहिली आहेत.

आणि कपाळ सांभाळा. वाड्याच्या मोठ्या दरवाजात जो छोटा दिंडी दरवाजा असतो, त्यातून जाताना एकाच वेळी पाय उंच उचलायचा असतो आणि मान खाली घालायची असते. उंबरठा बघणाऱ्याचं डोकं आपटतं, वर बघणारा ठेचकाळतो. मोबाईल बघणाऱ्याचं दोन्ही होतं.

"एकूण किती पॉइंट आहेत?"

नोंदणी करताना हा प्रश्न हमखास येतो. मलाही पूर्वी वाटायचं की आकडा मोठा असला म्हणजे लोक खूश होतात. मग आम्ही तीन तासांत चौदा ठिकाणं कोंबायचो. शेवटच्या चारांपाशी लोक फक्त बसायला पायरी शोधत असत. आता सात ठिकाणं करते, कधी सहाच. जाहिरातीत तीन तासांत पंधरा ठिकाणं दिसली, तर त्यातली निम्मी रस्त्याच्या पलीकडून बोट दाखवून उरकणार, हे गृहीत धरा.

खरी गंमत दोन ठिकाणांच्या मधे असते. नानासाहेब पेशव्यांच्या काळात कात्रजच्या तलावातून जमिनीखालून बांधीव नळाने शहरात पाणी आणलं. पंप नाही, काही नाही, नुसत्या उताराच्या जोरावर. ते पाणी पेठांमधल्या हौदांत पडायचं. काळा हौद, बदामी हौद ही नावं आजही पत्ता सांगताना कानावर पडतात. हे एकदा डोक्यात शिरलं की साधा रस्ता वेगळा दिसायला लागतो : दक्षिणेला कात्रजची चढण, खाली मुठा, आणि मधला उतार आपल्या पोटऱ्यांना कळतो. हा कुठलाच पॉइंट नाही. याचं तिकीट नाही आणि सेल्फीही निघत नाही.

नावाला भुलणं

शनिवारवाड्यात शिरल्यावर लहान मुलं विचारतात, "वाडा कुठंय?" प्रश्न चोख आहे. १७३० साली पायाभरणी झालेला हा वाडा १८२८ च्या आगीत जळाला. तट, बुरूज, दरवाजे आणि आतली जोती उरली, मजले गेले. पडद्यावरचे महाल डोक्यात ठेवून आलात तर बाग बघून परत जाल. त्यापेक्षा दिल्ली दरवाजाच्या खिळ्यांपाशी थांबा, हत्तीने धडक दिली तर काय, याचा विचार करून ठोकलेले आहेत ते. मग हजारी कारंज्यापाशी जा आणि मघाच्या कात्रजच्या पाण्याची आठवण ठेवा.

लाल महालाची गफलत उलटी. शाहिस्तेखानाची बोटं १६६३ साली तुटली ती याच भिंतींच्या आत, असं समजून लोक भिंतीला हात लावून नमस्कार करतात. मूळ लाल महाल केव्हाच नाहीसा झाला. आत्ताची इमारत महापालिकेने १९८० च्या दशकात बांधली. नमस्कार करू नका असं मी कुणाला म्हणत नाही, पण भिंत किती वर्षांची आहे हे आधी सांगते. एकदा एक आजी म्हणाल्या, "जागा तर तीच ना?" यावर मला उत्तर सुचलं नाही.

इंटरनेटवरच्या जुन्या याद्या हा वेगळाच ताप. बुधवार पेठेतल्या भिडेवाड्याचा फोटो मोबाईलवर धरून लोक समोर उभे राहतात आणि चुकीच्या ठिकाणी आलो की काय म्हणून गोंधळतात. १८४८ साली फुले दाम्पत्याने मुलींची शाळा सुरू केली तो वाडा पार मोडकळीला आला होता. २०२३ च्या डिसेंबरमध्ये तो स्मारकासाठी पाडला गेला. निघण्याआधी यादीचं साल बघा.

मंडईत मात्र उलट सल्ला : नावापाशीच थांबा. १८८६ ची ही दगडी इमारत, तेव्हाचं नाव रे मार्केट. नगरपालिकेचे सदस्य असताना महात्मा फुल्यांनी तिच्यावरच्या खर्चाला विरोध केला होता. आज तिच्यावर नाव कुणाचं आहे ते वर बघून वाचा, आणि मग खाली बघून चाला, कारण गाळ्यांमधून हमालांची ये-जा चालू असते. "पाठ, पाठ" ऐकू आलं की फोटो सोडून बाजूला व्हायचं.

दुसऱ्याच्या अंगणात

सगळ्यात जास्त चुका इथे होतात, आणि त्यांची किंमत पुढच्या गटाला मोजावी लागते.

कसब्यात तांबट आळी आहे. ठोक्यांचा आवाज कोपऱ्यावरूनच ऐकू येतो. तांब्याच्या भांड्यावर हातोडीने एकाला लागून एक ठोके देत जातात, त्याला मठारणं म्हणतात. त्याने पत्रा घट्ट होतो आणि अंगावर ते चकाकणारे खड्डे उमटतात. घरं तीच आणि कारखाने तेच. माणूस उंबऱ्याच्या आत बसून काम करत असतो, मागे कुकरची शिट्टी होत असते. आणि आमच्यातलं कुणीतरी थेट त्याच्या तोंडासमोर कॅमेरा धरतं, "काका, जरा परत मारा ना."

काका परत मारतात, बिचारे. पण ठोक्याची लय असते, ती मोडली की आधीच्या ओळीशी पुढची ओळ जुळत नाही. एका कारागिराने मला एकदा शांतपणे सांगितलं, "ताई, तुमची माणसं आली की माझा एक हंडा वाया जातो." त्या दिवसापासून आमचा नियम : आधी पाच मिनिटं नुसतं बघायचं आणि ऐकायचं. मग विचारायचं. हो म्हणाले तर हातांचा फोटो. चेहऱ्याचा हवा असेल तर वेगळं विचारायचं. भांडं आवडलं तर घ्या, पण "ऑनलाइन स्वस्त मिळतं" हे वाक्य तिथे उच्चारू नका. ऑनलाइन मिळतं त्यातलं पुष्कळसं यंत्रावर ठोकलेलं असतं.

वाड्यांचंही तसंच. चौक, ओसरी, कोपऱ्यातला आड, वरच्या मजल्याचा लाकडी कठडा, हे बघायला जीव आसुसतो, मान्य. पण दार उघडं दिसलं म्हणजे आत या असं नसतं. त्या चौकात कुणाची धुणी वाळत असतात, कुणी दात घासत असतं. बाराजण अचानक आत शिरले तर तुम्हीसुद्धा चिडाल. मी आदल्या दिवशी विचारून ठेवते, आणि एखाद्या रविवारी नाही म्हणाले तर तो वाडा त्या दिवशी नाही.

आत गेल्यावर एक वाक्य टाळा : "किती सुंदर आहे, तुम्ही जपायला हवं." जपायला पैसे लागतात. अनेक वाड्यांत पिढ्यान्‌पिढ्यांचे भाडेकरू आहेत आणि भाडं इतकं की त्यात कौलंसुद्धा शाकारून होत नाहीत. मालक, भाडेकरू, बिल्डर आणि कोर्ट यांच्यात वाडा अडकतो, आणि एका पावसाळ्यात भिंत खचते. लाकडी जिन्यावर एका वेळी दोघांनीच चढा म्हटलं तर ती शिस्त नसते, भीती असते.

गोष्टींवरून भांडणं

खुन्या मुरलीधर, जिलब्या मारुती, पासोड्या विठोबा, उपाशी विठोबा, निवडुंग्या विठोबा. ही नावं ऐकली की गट खुलतो, आणि पाच मिनिटांत वादही सुरू होतो. जिलब्या मारुतीला जिलब्यांची माळ घालायचे म्हणून ते नाव, असं एक म्हणतो. दुसऱ्याच्या आजोबांनी शेजारच्या हलवायाचं दुकान पाहिलेलं असतं. दोघांनाही बोलू द्या. नावांच्या गोष्टी एकाहून जास्त असतात आणि पुणेकराला स्वतःच्या घरातलीच खरी वाटते.

पण सगळंच असं सोडून देता येत नाही. नारायणराव पेशव्यांचा खून ३० ऑगस्ट १७७३ रोजी झाला, हा इतिहास. 'ध'चा 'मा' कुणी केला याची गोष्ट वेगळी, आणि पौर्णिमेच्या रात्री "काका मला वाचवा" ऐकू येतं ही आणखी वेगळी. गाइड तिन्ही एकाच सुरात सांगत असेल तर एकच प्रश्न विचारा, "हे कागदात आहे की ऐकीव?" चांगल्या गाइडला हा प्रश्न आवडतो. जो चिडतो त्याच्या पुढच्या गोष्टी करमणूक म्हणून ऐका.

सार्वजनिक गणेशोत्सव १८९२ ला भाऊ रंगारींनी सुरू केला की पुढे टिळकांनी, हा विषय मात्र चहाच्या आधी काढू नका. रस्त्यातच उभं राहून पाऊण तास जातो. अमृततुल्यात बसल्यावर काढा. चहावरूनही पुण्यात काय काय झालंय : १८९० मध्ये पंचहौदच्या ख्रिस्ती मिशनमध्ये चहा घेतल्यावरून टिळक-रानड्यांसकट अनेकांवर ग्रामण्य, म्हणजे वाळीत टाकण्याची कारवाई, आलं होतं. तुम्हाला फक्त बिल द्यायचं आहे.

अडचण आली तर

ऐकू येत नाही ही सर्वात जास्त येणारी तक्रार. बाजीराव रस्त्यावर बसच्या हॉर्नपुढे कुणाचाच आवाज पुरत नाही. मागे उभं राहून कुरकुरण्यापेक्षा गाइडला सांगा, "बोळात जाऊन बोला." विश्रामबागवाड्यासमोर मी हीच चूक कित्येक महिने करत होते. सुरूच्या झाडासारखे घडवलेले खांब आणि त्यावरची केळफुलं दाखवायला पदपथावर उभी राहायची आणि अर्ध्या लोकांना फक्त माझे हात हलताना दिसायचे. आता मी आधी आडोशाला सगळं सांगते, मग समोर नेऊन गप्प राहते.

गटातून चुकलात तर शोधत फिरू नका. दोन गल्ल्या फिरलात की तुळशीबागेच्या बोळांत तुम्ही आणि गट एकमेकांभोवती गोल गोल फिरत राहाल. शेवटचं ठिकाण जिथे पाहिलं तिथेच थांबा आणि फोन करा. लोकेशन पाठवू नका, दाट वस्तीत तो ठिपका शेजारच्या गल्लीत पडतो. समोरच्या दुकानाची पाटी वाचून दाखवा.

गणपतीच्या दहा दिवसांत वॉक करायचाच असेल तर पहाटे सहाला करा आणि मांडवांमुळे वाट बदलणार हे धरून चाला. संध्याकाळी गर्दीत बाराजणांचा गट पाच मिनिटांत तिघा-तिघांचा होतो. आजी-आजोबा सोबत असतील तर नोंदणीच्या वेळीच सांगा, मधे बसायची जागा योजता येते. आयत्या वेळी सांगितलं तर मंडईची पायरीच मिळेल.

आणि ठिकाण बंद निघालं तर? हे होतंच. कधी डागडुजी, कधी किल्ली असलेले गृहस्थ गावाला. हिरमुसून लगेच पाठ फिरवू नका. सोमवार पेठेतल्या त्रिशुंड गणपतीच्या देवळाशी एकदा आम्ही पोहोचलो तर दाराला कुलूप. तीन सोंडांचा, मोरावर बसलेला गणपती दिसणार नाही म्हणून लोक परत निघाले. अठराव्या शतकातलं हे देऊळ दगडी कामाने नुसतं भरलेलं आहे, आणि दर्शनी भिंतीवर एक गेंडा कोरलाय, साखळदंडाने बांधलेला, भोवती इंग्रज शिपाई. पुण्यात गेंडा कुठून आला आणि कोरणाऱ्याला काय म्हणायचं होतं, यावर बाहेर उभ्या उभ्या वीस मिनिटं चर्चा झाली. तेवढ्यात किल्लीवाले गृहस्थ आले. त्यांनी कुलूप काढलं, आणि कुणाचंच तिकडे लक्ष नव्हतं.