एकट्याने फिल्म करायचीय? मग आधी एडिटिंग शिका

कॅमेरा कुठला घेऊ हा प्रश्न बाजूला ठेवा, आधी एडिटिंग शिका. दाविंची रिझॉल्व्ह या एडिटिंग सॉफ्टवेअरचं फ्री व्हर्जन मिळतं, त्यात कट, कलर, साऊंड सगळं होतं, फक्त लॅपटॉप जरा दमदार लागतो. कुणाच्या साखरपुड्याचं नाहीतर जत्रेचं फुटेज मागून घ्या आणि त्यातून तीन मिनिटं काढून बघा, मग कळतं की नवरी आत आली तो शॉट आहे पण तिच्याकडे बघणाऱ्यांचा एकही नाहीये, आणि पुढच्या वेळी कॅमेरा हातात आला की तो शॉट तुम्ही न सांगता घेता.

कॅमेरा काय, सुरुवातीला मोबाईलही चालेल. सगळं मॅन्युअलवर टाका, सेकंदाला 25 फ्रेम आणि शटर 1/50 सेकंद ठेवा, आपल्याकडची वीज 50 हर्ट्झची आहे त्यामुळे ट्यूबलाइट फडफडत नाही.

साऊंडला मात्र माणूस लागतोच. आसामच्या रीमा दास यांनी 'व्हिलेज रॉकस्टार्स' (2017) स्वतः लिहिली, शूट केली, एडिट केली, निर्मितीही त्यांचीच, फिल्मला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि त्यांना एडिटिंगचाही, पण लोकेशन साऊंड, म्हणजे शूटिंगच्या जागीच रेकॉर्ड केलेला आवाज, होता मल्लिका दास यांचा, आणि त्यांनाही राष्ट्रीय पुरस्कार मिळालाय! तेव्हा चुलतभाऊ, मैत्रीण, कुणालातरी हेडफोन लावून बसवा. पंखा बंद, फ्रीज बंद (नंतर आठवणीने चालू करा, नाहीतर त्या घरात परत शूटिंग विसरा), आणि निघण्याआधी सगळ्यांना गप्प करून अर्धा मिनिट नुसता खोलीचा आवाज घ्या, एडिटमध्ये दोन वाक्यांच्या मधे तोच भरायचा असतो.

पोट भरायला लग्नाचे व्हिडिओ, कंपन्यांच्या फिल्म, यूट्यूबवाल्यांचं एडिटिंग, यात लाज कसली. फक्त क्लायंटला 'मी सगळंच करतो' असं सांगू नका, एकाच्या पैशात चार कामं गळ्यात पडतात, माझ्या मते प्रत्येक कामाचा रेट वेगळा लिहून द्यावा. अर्धे पैसे आधी, आणि चेंजेस किती वेळा करून देणार ते व्हॉट्सअॅपवर का होईना पण लेखी.

स्वतःची फिल्म झाली की लगेच यूट्यूबवर टाकायची घाई नको, बऱ्याच फेस्टिव्हलना आधी ऑनलाइन आलेली फिल्म चालत नाही. पासवर्डवाली लिंक ठेवा, इंग्रजी सबटायटल नीट करा आणि गाणं वापरलं असेल तर परवानगीचं पत्र फॉर्म भरायच्या आधीच हातात घ्या.