जिमी हेंड्रिक्सवर श्रवणसत्र कसे घ्यावे

गिरगाव, दादर, विलेपार्ले या भागांत जुन्या ध्वनिमुद्रणांची श्रवणसत्रे भरवण्याची रीत मुंबईला नवी नाही. एक जाणकार मुद्रण लावतो, आधी मोजके बोलतो, नंतर श्रोत्यांना प्रश्न विचारू देतो, आणि संध्याकाळ संपेपर्यंत एखादा गायक पूर्वीपेक्षा जास्त समजलेला असतो. ख्याल आणि नाट्यसंगीतासाठी रुळलेला हा साचा जिमी हेंड्रिक्स या अमेरिकन गिटारवादक-गायकासाठी तितकाच उपयोगी आहे, असे माझे ठाम मत आहे. ज्यांचे कान रागसंगीतावर तयार झाले आहेत आणि ज्यांना विजेवरची गिटार हा केवळ गोंगाट वाटतो, अशा श्रोत्यांसमोर त्याचे आयुष्य आणि कारकीर्द कशी मांडावी, याचे हे मार्गदर्शन आहे.

हेंड्रिक्सने ब्लूज आणि सोल (दोन्ही अमेरिकेतील कृष्णवर्णीयांच्या गायनपरंपरा), जॅझ, लोकगीत आणि रॉक यांचा मिलाफ केला, असे सगळीकडे लिहिलेले आढळते. पण ज्याने हे प्रवाह वेगवेगळे ऐकलेले नाहीत, त्याला ते एकत्र आल्याचे कळणार कसे? म्हणून अडीच तासांच्या सत्रातला बराच वेळ मूळ प्रवाहांना द्यावा, चरित्रातील घटना त्या ऐकण्याच्या आधाराने सांगाव्यात, आणि ज्या दोन गोष्टींसाठी तो सर्वाधिक ओळखला जातो, म्हणजे पेटवलेली गिटार आणि सत्ताविसाव्या वर्षीचा मृत्यू, त्यांना सुरुवातीला जागा देऊ नये. मृत्यूपासून सुरू केलेले चरित्र श्रोत्यांना हळहळायला लावते; त्या भरात ऐकणे मागे पडते.

आधी जागा पाहावी. सोसायटीच्या किंवा वाचनालयाच्या सभागृहांत दोन स्पीकर असले तरी बहुतेक वेळा दोन्हींतून एकच आवाज येतो, कारण ती यंत्रणा भाषणासाठी बसवलेली असते. हेंड्रिक्ससाठी डावा आणि उजवा आवाज स्वतंत्र असणे आवश्यक आहे. त्याने आणि ध्वनिमुद्रणतज्ज्ञ एडी क्रेमर यांनी स्टुडिओतच आवाजाला एका बाजूकडून दुसरीकडे फिरवले, आणि हे फिरवणे रचनेचाच भाग होता. ‘अ‍ॅक्सिस: बोल्ड अ‍ॅज लव्ह’ या अल्बमची सुरुवात आदल्या दिवशी सभागृहात वाजवून पाहावी, गिटारचा आवाज डोक्याभोवती फिरल्यासारखा वाटला नाही, तर स्पीकरच्या तारांची जोडणी बदलून घ्यावी किंवा घरचे दोन चांगले स्पीकर आणावेत. उघड्या फरशीवर आणि मोकळ्या भिंतींमध्ये खालचे स्वर घुमतात आणि बेस गिटारचे बोल एकमेकांत मिसळतात, म्हणून जाड सतरंज्या अंथराव्यात आणि खिडक्यांना पडदे असतील तर ते ओढावेत. आवाज ऐकू येण्याइतका मोठा असावा, पण पहिल्या रांगेतल्या ज्येष्ठांनी कानांवर हात ठेवावे इतका नसावा. या संगीताला जोर लागतो, कर्णकटूपणा लागत नाही.

परवानगीचा विषय वेळेवर मिटवावा. १९५७च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२मध्ये, रहिवाशांच्या सामाईक सभागृहात किंवा नफ्यासाठी न चालणाऱ्या क्लबसारख्या संस्थेच्या उपक्रमात ध्वनिमुद्रण वाजवण्याला सवलत आहे. तिकीट लावून सार्वजनिक सभागृहात कार्यक्रम करायचा असेल, तर हक्क सांभाळणाऱ्या संस्थांकडून आधीच परवाना घ्यावा. रात्री दहानंतर ध्वनिक्षेपकावर निर्बंध असल्यामुळे सत्र साडेसहाला सुरू करणे सोयीचे पडते.

आता मूळ प्रवाह. पहिले मुद्रण हेंड्रिक्सचे नसावे, ब्लूजचे गायक-गिटारवादक मडी वॉटर्स यांचे असावे. १९५०मधील ‘रोलिन स्टोन’ हे त्यांचे गाणे एक आवाज आणि एक विजेवरची गिटार एवढ्यावर उभे आहे. ते लावण्यापूर्वी हार्मोनियमवर धानी रागाचे स्वर वाजवून दाखवावेत: सा, कोमल ग, म, प, कोमल नी. ब्लूजची मूळ स्वरपंक्ती जवळपास हीच आहे. फरक एवढाच, की ब्लूज गाणारा गंधार कोमल आणि शुद्ध यांच्या मधल्या जागेवर धरतो, आणि वादक तार बोटाने ओढून त्या जागेवर पोचतो. मींड आणि श्रुती या कल्पना ज्यांच्या परिचयाच्या आहेत, त्यांना ही गोष्ट पाश्चात्त्य संगीत शिकलेल्या अनेकांपेक्षा लवकर पटते, हे मी पुनःपुन्हा पाहिले आहे.

त्यानंतर लगेच हेंड्रिक्सचे ‘रेड हाउस’ लावावे. येथे श्रोत्यांना हातावर मोजायला सांगावे: बारा ‘बारां’चे (बार म्हणजे चार मात्रांचा एक विभाग) एक आवर्तन, त्यातले पहिले चार षड्जाच्या सुरावटीवर (सुरावट म्हणजे येथे एकाच वेळी वाजणारे स्वर, कॉर्ड), पुढचे दोन मध्यमावर, नंतर दोन पुन्हा षड्जावर, मग एक पंचमावर, एक मध्यमावर आणि शेवटचे दोन परत घराकडे. एकदा हे आवर्तन कानात बसले, की गाण्याची ओळ संपल्यावर गिटार तिला उत्तर देते हेही आपोआप लक्षात येते. गायक आणि वादक एकच माणूस असल्याने हा संवाद स्वतःशीच चाललेला असतो, आणि हेंड्रिक्सच्या साऱ्या कारकिर्दीचा पाया हा संवाद आहे.

या टप्प्यावर चरित्राला पहिल्यांदा हात घालावा. २७ नोव्हेंबर १९४२ रोजी सिअ‍ॅटल येथे त्याचा जन्म झाला. जन्मनाव जॉनी अ‍ॅलन असे होते, १९४६मध्ये वडिलांनी ते बदलून जेम्स मार्शल असे ठेवले. बालपण ओढगस्तीत आणि नातेवाइकांच्या घरी फिरत गेले. १९५८मध्ये आई वारली, आणि त्याच सुमारास पाच डॉलरची जुनी गिटार हाती आली. तो डावखुरा होता, पण उजव्या हाताच्या गिटारी उलट्या धरून, तारांचा क्रम बदलून वाजवत असे. १९६१मध्ये तो सैन्यात गेला, छत्रीधारी तुकडीत होता, आणि १९६२मध्ये बाहेर पडला. तेथेच बिली कॉक्स हा बेसवादक मित्र त्याला मिळाला. एवढे पाच मिनिटांत सांगून व्हावे.

पुढची चार वर्षे मात्र घाईने उरकू नयेत. १९६२ ते १९६६ या काळात तो कृष्णवर्णीय श्रोत्यांच्या क्लबांतून आणि नाट्यगृहांतून साथीदार म्हणून फिरला. आयस्ले ब्रदर्स आणि लिटल रिचर्ड यांच्या मागे उभा राहून वाजवत होता. आपल्याकडे साथसंगतीचे महत्त्व सांगावे लागत नाही. गायकाला मोकळी जागा कधी द्यावी, कधी भरावी, गणवेशात आणि ठरलेल्या पावलांवर नाचताना ताल कसा न सोडावा, हे शिक्षण त्याला तेथे मिळाले. १९६४मधील आयस्ले ब्रदर्सचे ‘टेस्टिफाय’ वाजवून त्यातली गिटार ओळखायला सांगावी. मग कर्टिस मेफिल्ड यांच्या इम्प्रेशन्स या गटाचे १९६५चे ‘पीपल गेट रेडी’ लावावे, आणि त्याला जोडूनच हेंड्रिक्सचे ‘लिटल विंग’. मेफिल्ड यांनी गिटारवर सुरावटीच्या आत बारीक नक्षीसारखे जे स्वर पेरले, तेच हेंड्रिक्सच्या या अडीच मिनिटांहूनही लहान गाण्यात अधिक मोकळेपणाने फुलले आहेत. अंगठा गिटारच्या मानेवरून वळवून तो खालचे स्वर धरत असे, त्यामुळे उरलेली बोटे नक्षीसाठी मोकळी राहत. शक्य असेल तर शहरातील एखाद्या तरुण गिटारवादकाला बोलावून हे प्रत्यक्ष दाखवावे. त्याने तारा अर्धा स्वर उतरवून लावाव्यात, कारण हेंड्रिक्स बहुधा तसेच लावत असे, आणि सैल तारांमुळे स्वर ओढणे सोपे जाते.

१९६६मध्ये न्यूयॉर्कच्या ग्रेनिच व्हिलेजमधील एका कॅफेत त्याला चास चँडलर यांनी ऐकले. चँडलर हे अ‍ॅनिमल्स या ब्रिटिश गटाचे बेसवादक होते. त्या सप्टेंबरात त्यांनी त्याला लंडनला नेले, आणि नोएल रेडिंग व मिच मिचेल यांच्यासह जिमी हेंड्रिक्स एक्स्पीरियन्स हा तिघांचा गट उभा राहिला. येथे श्रोत्यांचे लक्ष मिचेल यांच्या ड्रमकडे वळवावे. त्यांच्यावर जॅझचा संस्कार होता आणि ते ठेका नुसता धरून ठेवत नसत. गिटारशी बोलत राहत. पहिल्या अल्बममधील ‘मॅनिक डिप्रेशन’ तीनाच्या चालीत आहे, आणि तबल्याला सरावलेला श्रोता त्यातली लयकारी चटकन पकडतो.

‘पर्पल हेझ’ हे मार्च १९६७मध्ये प्रसिद्ध झालेले गाणे या भागाचा मध्यबिंदू असावे. त्यातली गाजलेली सुरावट समजावण्यासाठी पुन्हा हार्मोनियम घ्यावी आणि षड्ज, शुद्ध गंधार, कोमल निषाद आणि वरच्या सप्तकातला कोमल गंधार एकाच वेळी दाबावा. जोग रागात दोन्ही गंधार लागतात, पण एकामागून एक. येथे ते एकाच क्षणी वाजतात आणि त्या घर्षणातूनच गाण्याचा ताण निर्माण होतो. सोलोच्या, म्हणजे गिटारच्या स्वतंत्र वादनाच्या, वेळी गिटारच्या स्वराबरोबर वरच्या सप्तकातला त्याचा जोडस्वर ऐकू येतो, तो रॉजर मेयर यांनी बनवलेल्या ऑक्टेव्हिया या उपकरणाचा परिणाम आहे. उपकरणांची यादी वाचून दाखवू नये. एक उपकरण, एक आवाज, एवढे पुरे.

त्याच्या गायनाविषयी मुद्दाम बोलावे, कारण गिटारच्या तेजात ते झाकले जाते. स्वतःच्या आवाजाबद्दल तो संकोची होता, आणि अमेरिकन गीतकार-गायक बॉब डिलन यांना ऐकल्यावर रूढ अर्थाने गोड नसलेल्या गळ्यानेही गाता येते असा धीर त्याला आला. त्याचे गाणे बोलण्याला लागून चालते. शब्द ठोक्याच्या किंचित मागे पडतात आणि वाक्य संपता संपता गिटारकडे सोपवले जाते. इंग्रजी उच्चार पहिल्या ऐकण्यात कळत नाहीत, तेव्हा प्रत्येक गाण्याचा आशय मराठीत दोन-तीन वाक्यांत आधी सांगावा.

माझ्या मते सत्रातला सर्वांत मोलाचा अर्धा तास ‘ऑल अलाँग द वॉचटॉवर’साठी राखावा. डिलन यांचे मूळ गाणे डिसेंबर १९६७मध्ये आले: साधी गिटार, तोंडाने वाजवायचा हार्मोनिका, कोरडा आवाज, अडीच मिनिटांचा मामला. हेंड्रिक्सने १९६८मध्ये तेच गाणे चार मिनिटांचे केले. शब्द तेच, सुरावटींचे चक्रही तेच, पण मधल्या मोठ्या सोलोचे चार भाग पडतात आणि प्रत्येक भागाला वेगळा आवाज आहे. पहिला सरळ वाजतो, दुसऱ्यात तारेवरून लायटर घसरवून काढलेली लांब मींड आहे, तिसऱ्यात वा-वा पेडलमुळे स्वर तोंड उघडल्या-मिटल्यासारखा होतो, आणि चौथा सुरावटींवर उभा आहे. आधी डिलन, मग हेंड्रिक्स, मग फक्त सोलो प्रत्येक भागापाशी थांबत, आणि शेवटी सलग पूर्ण गाणे, असा क्रम ठेवावा. बंदिश एकाची आणि बढत दुसऱ्याची हा व्यवहार आपल्या श्रोत्यांना पूर्ण परिचित आहे, त्यामुळे चर्चा येथेच सर्वाधिक रंगते. तिला वेळ द्यावा, पुढचे एखादे गाणे गाळावे लागले तरी चालेल.

पेटवलेल्या गिटारची गोष्ट यानंतर सांगावी. १८ जून १९६७ रोजी कॅलिफोर्नियातील माँटेरी महोत्सवात दुपारी पंडित रविशंकर यांचे सतारवादन झाले, साथीला मुंबईचे उस्ताद अल्लारखा होते, आणि त्याच दिवशी रात्री हेंड्रिक्सने वादनाच्या शेवटी गिटार पेटवली. रविशंकर यांना ते अजिबात रुचले नाही. दसऱ्याला वाद्यांची पूजा करणाऱ्या श्रोत्यांनाही रुचणार नाही, आणि त्यांना ते पटवण्याचा प्रयत्न करू नये. मात्र त्या आधीचे वादन अवश्य ऐकवावे. ज्वाळांची छायाचित्रे पाहणाऱ्या अनेकांनी ते ऐकलेलेच नसते.

वुडस्टॉक या संगीत महोत्सवातील अमेरिकन राष्ट्रगीताचे वादन १८ ऑगस्ट १९६९च्या सकाळचे आहे. महोत्सव रविवारी संपायचा होता, कार्यक्रम लांबत गेला आणि हेंड्रिक्स मंचावर आला तेव्हा बहुतांश लोक परतले होते. व्हिएतनामचे युद्ध चालू होते आणि वादक स्वतः माजी सैनिक होता, ही पार्श्वभूमी द्यावी. तांत्रिक बाजू सोपी करून सांगता येते: स्पीकरमधून आलेला मोठा आवाज गिटारच्या तारांना पुन्हा कंप देतो, तो कंप पुन्हा स्पीकरकडे जातो, आणि स्वर न विझता लांबत राहतो. वादक गिटार वळवून आणि जवळ-दूर होऊन त्याला आवर घालतो. राष्ट्रगीताच्या ओळींमध्ये त्याने विमानांचे आणि स्फोटांचे आवाज काढले, आणि मध्येच सैनिकांच्या अंत्यविधीला बिगुलावर वाजवली जाणारी धून पेरली. ती धून आधी वेगळी ऐकवली, तर श्रोते ती जागा स्वतः ओळखतात.

बिली कॉक्स आणि ड्रमवादक बडी माइल्स यांच्याबरोबरच्या बँड ऑफ जिप्सीजचे ‘मशीन गन’ हे बारा मिनिटांहून मोठे आहे. न्यूयॉर्कच्या फिलमोर ईस्ट येथे १९७०च्या पहिल्या दिवशी झालेल्या मैफिलीतले हे मुद्रण तुकड्यांत वाजवू नये. त्यात रॉकपेक्षा फंक (ठेक्यावर भर देणारे कृष्णवर्णीयांचे नृत्यसंगीत) आणि ब्लूज पुढे आलेले आहेत, आणि तो कोणत्या दिशेने निघाला होता हे येथे सर्वांत स्पष्ट ऐकू येते. ऑगस्ट १९७०मध्ये त्याचा स्वतःचा इलेक्ट्रिक लेडी हा स्टुडिओ न्यूयॉर्कमध्ये सुरू झाला. १८ सप्टेंबर १९७० रोजी झोपेच्या गोळ्यांच्या अतिसेवनानंतर लंडनमध्ये त्याचा मृत्यू झाला. ही माहिती एवढ्याच शब्दांत द्यावी आणि तर्ककुतर्कांना थारा देऊ नये.

प्रश्नोत्तरांसाठी शेवटची वीस मिनिटे ठेवावीत, आणि बोलावलेल्या गिटारवादकाला तोवर थांबवून घ्यावे, कारण निम्मे प्रश्न हातांविषयीचे असतात. दारापाशी एक पानाचे पत्रक ठेवावे. त्यावर सत्रात वाजवलेल्या मुद्रणांचा क्रम असावा, आणि त्याखाली घरी ऐकण्यासाठी हयातीत आलेले तीन स्टुडिओ अल्बम काळाच्या क्रमाने लिहावेत: १९६७चे ‘आर यू एक्स्पीरियन्स्ड’ आणि ‘अ‍ॅक्सिस: बोल्ड अ‍ॅज लव्ह’, १९६८चे ‘इलेक्ट्रिक लेडीलँड’. ज्यांना हे संगीत अजून जड वाटत असेल, त्यांनी दुसऱ्यापासून सुरुवात करावी.